नावातून सुटलेले सात टक्के

भाषाविज्ञानाच्या तासाला नामकरणाविषयी बोलत असताना एका विद्यार्थ्याने विचारले, "सर, रसायनशास्त्रातली आवर्तसारणी पाणिनीच्या व्याकरणावरून तयार झाली, हे खरे का?" त्याने ते कुठेतरी वाचले होते. त्याच्या स्वरात कुतूहल होते, तसा अभिमानही होता. 'नाही' म्हणून मोकळे होणे सोपे होते. 'हो' म्हणणे तर त्याहून सोपे. परंतु दोन्ही उत्तरे अप्रामाणिक ठरली असती. या प्रश्नाचे उत्तर शोधताना मी ज्या वस्तूपाशी येऊन पोहोचलो, ती वस्तू म्हणजे एक दुर्मीळ खनिज: आर्जिरोडाइट. पोलादी करड्या रंगाचे, किंचित तांबूस झाक असलेले, धातूसारखी चमक असलेले आणि हवेत हळूहळू काळवंडणारे. रसायनाच्या भाषेत ते चांदी व जर्मेनियम यांचे सल्फाइड होय.

या खनिजाची कथा जर्मनीतील सॅक्सनी प्रांतात, फ्रायबर्गच्या खाणींत सुरू होते. तेथे चांदीचा शोध ११६८ साली लागला असे मानले जाते. म्हणजे १८८५ साली हे खनिज हाती आले, तेव्हा तेथील खाणकामाला सात शतके उलटून गेली होती. येथील खाणकामगारांनी शब्दांचीही एक स्वतंत्र खाण निर्माण केली होती. जो दगड चांदीसारखा दिसे, पण भट्टीत घातल्यावर चांदी देण्याऐवजी विषारी धूर ओकत असे, तो 'कोबोल्ड' नावाच्या खोडकर भुताने टाकला असे ते समजत. त्यातून 'कोबाल्ट' हे नाव आले. तांब्यासारख्या दिसणाऱ्या, पण तांबे न देणाऱ्या दगडाला ते 'कुप्फरनिकेल' म्हणत, म्हणजे तांब्याचे सोंग घेतलेला सैतान; त्यातून 'निकेल' आले. ही नावे फसवणुकीच्या अनुभवातून जन्मली. त्यांच्यात घामाचा वास आहे, रागही आहे.

आर्जिरोडाइटचे नाव मात्र वेगळ्या घराण्यातले आहे. फ्रायबर्गजवळच्या हिमेल्सफ्यूर्स्ट, म्हणजे 'स्वर्गाचा राजा', या नावाच्या खाणीत १८८५ साली हे खनिज सापडले. फ्रायबर्गच्या खाणकाम अकादमीतील खनिजशास्त्राचे प्राध्यापक आल्बिन वाइसबाख यांनी ते नवे असल्याचे ओळखले. त्यांचे सहकारी थिओडोर रिश्टर यांनी फुंकनळीने परीक्षा करून त्यात चांदी व गंधक असल्याचे दाखवले. वाइसबाख यांनी ग्रीक भाषेकडे वळून 'चांदीने युक्त' या अर्थाच्या 'आर्गुरोदेस' या शब्दावरून खनिजाचे बारसे केले.

येथे मराठी वाचकाने क्षणभर थांबावे. 'आर्गुरोस' या ग्रीक शब्दाच्या मुळाशी जी धातू आहे, ती शुभ्र, चकाकणारे असे सांगणारी. तिचेच लॅटिन रूप 'आर्जेंटम'; त्याच्यावरून अर्जेंटिना हे देशनाम आले. आणि तिचीच संस्कृत भावंडे म्हणजे 'रजत' आणि 'अर्जुन'. महाभारतातील वीराचे नाव आणि सॅक्सनीतील काळवंडलेल्या दगडाचे नाव एकाच मुळाची पालवी आहेत. अर्थात याचा अर्थ एकाने दुसऱ्याकडून शब्द घेतला, असा नव्हे. नाते असणे आणि उसने घेणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. हा भेद पुढे कामी येणार आहे.

पुढचे काम त्याच अकादमीतील रसायनज्ञ क्लेमेन्स विंक्लर यांच्याकडे आले. त्यांनी खनिजाचे पृथक्करण केले. सुमारे ७५ टक्के चांदी, सुमारे १७ टक्के गंधक, शिवाय लोह, जस्त व पारा यांचे अल्प अंश. बेरीज भरली ९३ टक्के. पुन्हा केले, तरी सुमारे सात टक्के गायबच. सामान्य माणूस अशा वेळी तराजूला दोष देतो. विंक्लर यांनी तराजूवर विश्वास ठेवला आणि ज्ञात मूलद्रव्यांच्या यादीवर अविश्वास दाखवला. काही महिन्यांच्या खटपटीनंतर ६ फेब्रुवारी १८८६ रोजी ते सात टक्के त्यांच्या हाती लागले. या अज्ञात द्रव्याचे पांढरे सल्फाइड पाण्यात विरघळत असल्याने धुताना निसटून जात होते. द्रावणात हायड्रोक्लोरिक आम्ल भरपूर घातल्यावर ते साका होऊन खाली बसले. हायड्रोजनच्या प्रवाहात तापवल्यावर त्यातून करड्या रंगाचे नवे मूलद्रव्य मिळाले.

आता वाइसबाख यांनी दिलेल्या नावाकडे पुन्हा पाहावे. 'चांदीयुक्त' हे नाव खोटे नाही. खनिजाचा तीन चतुर्थांश भाग चांदीचाच आहे. परंतु ज्या गोष्टीमुळे हे खनिज इतिहासात राहिले, ती या नावात नाही. नाव त्या द्रव्याच्या शोधाआधी ठेवले गेले आणि तसेच राहिले. शब्दाची व्युत्पत्ती आपल्याला वस्तूचे सार सांगते, अशी आपण साहित्याचे लोक पुष्कळदा समजूत करून घेतो. वस्तुतः ती बहुधा एवढेच सांगते, की नाव ठेवणाऱ्याला त्या दिवशी काय ठाऊक होते.

नव्या द्रव्याचे काय? रशियन रसायनज्ञ दिमित्री मेंडेलेयेव्ह यांनी १८७१ साली आपल्या सारणीतील रिकाम्या जागांविषयी भाकिते केली होती. अजून न सापडलेल्या मूलद्रव्यांना नवी नावे देण्याऐवजी त्यांनी एक साधी युक्ती योजली. त्याच गटातील ज्ञात मूलद्रव्याच्या नावामागे संस्कृत संख्यावाचक शब्द लावायचा: एक, द्वि, त्रि. सिलिकॉननंतरची पहिली रिकामी जागा म्हणजे 'एकसिलिकॉन'. त्याचा अणुभार ७२ आणि घनता ५.५ असेल, असे त्यांनी लिहिले होते. विंक्लर यांना मिळालेल्या द्रव्याचा अणुभार ७२.३, घनता सुमारे ५.४७. गंमत अशी, की आरंभी विंक्लर यांना ते अँटिमनीजवळच्या जागेचे वाटले आणि खुद्द मेंडेलेयेव्ह यांना कॅडमियमजवळच्या. हेच एकसिलिकॉन आहे, हे प्रथम इतर रसायनज्ञांनी सुचवले. भाकीत करणाऱ्यालाच आपले भाकीत खरे झालेले चटकन ओळखता आले नाही.

विंक्लर यांच्या मनात प्रथम 'नेपच्यूनियम' हे नाव होते. नेपच्यून ग्रहही आधी गणिताने सांगितला गेला आणि मग १८४६ साली दुर्बिणीत दिसला. उपमा अगदी चपखल होती. परंतु ते नाव दुसऱ्या एका कथित मूलद्रव्याला आधीच दिले गेले होते. म्हणून त्यांनी मायदेशाचे नाव निवडले: जर्मेनियम. फ्रान्सचा पराभव करून जर्मन साम्राज्य स्थापन झाल्याला तेव्हा पंधरा वर्षे झाली होती. त्यापूर्वी १८७५ साली फ्रेंच रसायनज्ञ लकोक द ब्वाबोद्राँ यांनी शोधलेल्या 'एकॲल्युमिनियम'चे नाव फ्रान्सच्या प्राचीन नावावरून गॅलियम झाले होते, आणि १८७९ साली स्वीडनच्या निल्सन यांनी शोधलेल्या 'एकबोरॉन'चे स्कँडियम. तीन 'एक' होते. तिन्ही पुसले गेले आणि तेथे गॉल, स्कँडिनेव्हिया व जर्मानिया यांच्या पाट्या लागल्या. एका अर्थी 'एक' हा शब्द पुसला जाण्यासाठीच लिहिला होता. रिकाम्या खुर्चीवर ठेवलेला तो रुमाल होता.

आता विद्यार्थ्याच्या प्रश्नाकडे. मेंडेलेयेव्ह यांनी संस्कृत संख्याशब्द वापरले, हे निर्विवाद. हे शब्द वापरण्याची रीत त्यांनी सांगितली. पण लॅटिन वा ग्रीक सोडून संस्कृतच का, याचा खुलासा केला नाही. सेंट पीटर्सबर्ग त्या काळी संस्कृत विद्येचे मोठे केंद्र होते. तेथे जन्मलेल्या ओट्टो ब्योटलिंक यांनी पाणिनीची आवृत्ती १८३९-४० मध्ये काढली होती, आणि त्यांचा व रोट यांचा प्रचंड संस्कृत-जर्मन कोश १८५५ ते १८७५ या काळात त्याच नगरीतून प्रसिद्ध झाला. भाषाशास्त्रज्ञ पॉल किपार्स्की यांनी असा तर्क मांडला आहे, की ब्योटलिंक यांच्या परिचयातून पाणिनीय पद्धतीची छाया मेंडेलेयेव्ह यांच्यावर पडली असावी. आपली वर्णमाला आठवली, तर हा तर्क मोहक वाटतो. कंठ्य ते ओष्ठ्य अशा आडव्या ओळी; अघोष, घोष, अनुनासिक असे उभे स्तंभ; आणि स्थानावरून गुण ओळखण्याची सोय. परंतु मोहक तर्क म्हणजे पुरावा नव्हे. ब्योटलिंक १८६८ साली येना येथे राहायला गेले होते; मेंडेलेयेव्ह यांची पहिली सारणी १८६९ सालची. शिवाय त्या सारणीचा पाया अणुभार व रासायनिक गुण यांच्या तुलनेवर आहे, ध्वनींवर नाही. रजत आणि आर्गुरोस यांच्याप्रमाणे येथेही साम्य दिसते. देवाणघेवाण सिद्ध होत नाही.

मी विद्यार्थ्याला एवढेच सांगितले, की 'एक' हा शब्द आपला आहे, सारणी त्यांची आहे, आणि मधली जागा सध्या रिकामी आहे. तो थोडा खट्टू झाला. पण मेंडेलेयेव्ह यांचे मोठेपण तरी कशात होते? रिकामी जागा रिकामी म्हणून दाखवण्यात. ती अभिमानाने भरून टाकणे म्हणजे विंक्लर यांनी बेरीज जुळावी म्हणून चांदीचा आकडा वाढवून लिहिण्यासारखे झाले असते. मग जर्मेनियम त्यांच्या हाती लागले नसते.

या नावाचा प्रवास अजून संपलेला नाही. १९४७ साली बेल प्रयोगशाळेत तयार झालेला पहिला ट्रान्झिस्टर जर्मेनियमच्या तुकड्यावर उभा होता. आणि २००८ साली जर्मन संशोधकांनी आर्जिरोडाइटसारखीच स्फटिकरचना असलेली लिथियमची संयुगे वर्णिली. घन विद्युतघटाच्या संशोधनात आज त्यांचा मोठा गाजावाजा आहे. लिथियम, फॉस्फरस, गंधक व क्लोरीन यांच्या त्या संयुगात चांदीचा कणही नाही, जर्मेनियमही नाही. तरी त्यांना म्हणतात आर्जिरोडाइटच. 'चांदीयुक्त' या शब्दातून अखेर चांदीही गळून गेली. उरली ती केवळ रचना.