टपालानें जोडलेला संसार

टपालखात्यांत कारकुनी करणाऱ्या गृहस्थाला स्वतःच्या संसारासाठींही टपालाचाच आधार घ्यावा लागावा, हा योग विलक्षण खरा. गोपाळराव जोशी यांच्या वांट्याला तो आला. ७ एप्रिल १८८३ रोजीं त्यांच्या पत्नी आनंदीबाई वैद्यक शिकण्यासाठीं कलकत्त्याहून आगबोटीनें निघाल्या आणि ४ जून रोजीं न्यूयॉर्कला उतरल्या. वय अवघें अठरा.

समुद्रांतून जाणारी तार तेव्हां नवी नव्हती. मुंबई १८७० सालींच विलायतेशीं जोडली गेली होती. परंतु तिचा आकार शब्दागणिक, आणि कारकुनाच्या मिळकतीला न झेपणारा. शिवाय तारेनें खुशाली कळते, मन कळत नाहीं. तेव्हां सारी भिस्त पत्रांवर. सुवेझचा कालवा १८६९ सालीं खुला झाला, १८७६ सालीं हिंदुस्थान आंतरराष्ट्रीय टपालसंघांत आला, आणि वाट पुष्कळच सुकर झाली. तरीही पत्र पोंचावयास महिन्याहून अधिक काळ लागे. एका प्रश्नाचें उत्तर हातीं येईपर्यंत ऋतु पालटावयाचा!

दूर राहूनही गोपाळरावांची बोलणीं चुकलीं नाहींत. परंतु त्यांनींच लिहावयास शिकविलेल्या या मुलीनें त्यांना जें लिहिलें, तें वाचून आजही माणूस थबकतो. लहानपणीं खाल्लेला लांकडाचा मार, अंगावर फेकलेल्या खुर्च्या आणि पुस्तकें, सोडून जाण्याच्या धमक्या, हें सारें आनंदीबाईंनीं स्पष्ट लिहिलें. तुमची वागणूक चांगली कीं वाईट, असें विचाराल तर ती दोन्ही होती, असा त्यांचा निवाडा. हिंदु स्त्रीला पतीपुढें तोंड उघडण्याचा अधिकार नाहीं, हेंही त्यांनीं त्यांनाच कळविलें. एका घरांत राहून हें बोलणें घडलें असतें काय? नसतेंच, असें वाटतें. मधल्या समुद्रानें त्या पतिपत्नींना दुरावा दिला, तसा आनंदीबाईंना कंठही दिला.

टपालानें त्यांना आणखी एक नातें दिलें होतें. न्यू जर्सीच्या कार्पेंटरबाईंशीं १८८० पासून पत्रव्यवहार होता. प्रत्यक्ष भेट होण्याआधींच त्या 'मावशी' झाल्या होत्या.

१८८५ सालीं गोपाळराव स्वतः अमेरिकेस गेले. ११ मार्च १८८६ रोजीं फिलाडेल्फियास पदवी मिळाली, तेव्हां ते हजर होते. २६ फेब्रुवारी १८८७ रोजीं पुण्यांत आनंदीबाई निवर्तल्या. त्यांच्या अस्थि मावशींकडे अमेरिकेस पाठविण्यांत आल्या.