आधी पोरीनं लिहिलं

पोंभुर्ण्याच्या राईस मिलमधला मी कामगार. दलित साहित्य म्हटलं की आम्ही बाप्यांचीच नावं घेतो. पण दोस्तहो, आधी एका पोरीनं लिहिलं. १८५५ साली फुल्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवेनं ‘ज्ञानोदया’त मांग-महारांचं दुःख मांडलं, बाळंतिणीच्या डोक्यावर छप्पर नाही, हेही सांगितलं. फलटणच्या बेबीताई कांबळेंनी नवऱ्यापासून लपवून वर्षानुवर्षं लिहिलं. १९८६ ला ‘जिणं आमुचं’ पुस्तक झालं. त्यात सवर्णांचा जुलूम आहे, तसा घरातला सुनांचा छळही आहे. १९८७ ला अमेरिकेत मेक्सिकन वंशाच्या ग्लोरिया अँझाल्डुआनंही इंग्रजी-स्पॅनिश मिसळून गोऱ्यांना जाब विचारला, आपल्या पुरुषांनाही विचारला. मंग आपण काहून भ्यायचं? माय-बहिणींचं लिहिणं वगळलं, तर आपला इतिहास अर्धाच.