डॉन हुआनचा कागदोपत्री शोध

मानववंशशास्त्राचा विद्यार्थी आणि लेखक कार्लोस कास्टानेडा आपला जन्म ब्राझीलमधला, १९३५चा, असे सांगत असे. अमेरिकेच्या इमिग्रेशन दप्तरात मात्र पेरूमधले काहामार्का हे गाव आणि १९२५ हे साल आहे. ‘टाइम’ साप्ताहिकाने मार्च १९७३मध्ये ही तफावत उघड केली. त्याने ती फारशी मनावर घेतली नाही.

पण वाद त्याच्या जन्माचा नाही, डॉन हुआनचा आहे. ‘द टीचिंग्ज ऑफ डॉन हुआन : अ याकी वे ऑफ नॉलेज’ हे पुस्तक १९६८ साली कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या प्रकाशनगृहाने काढले, प्रस्तावना मानववंशशास्त्रज्ञ वॉल्टर गोल्डश्मिट यांची. अ‍ॅरिझोनातल्या एका बस स्थानकावर १९६० साली डॉन हुआन नावाचा एक वृद्ध याकी आदिवासी भेटला आणि त्याने पेयोटे निवडुंग, धोतरा व भूछत्र यांच्या साह्याने आपल्याला दीक्षा दिली, असे त्यातले कथन. अध्यात्माचा शोध घेणाऱ्या तरुणांनी ते डोक्यावर घेतले.

ज्यांना विषय ठाऊक होता त्यांचा सूर वेगळा होता. याकींमध्ये अनेक वर्षे काम केलेल्या एडवर्ड स्पायसर यांनी १९६९ सालच्या परीक्षणात पुस्तकाचे कौतुक केले, पण यातल्या शिकवणुकीचा याकी संस्कृतीशी संबंध जोडण्यासारखे काही दिसत नाही, असेही नोंदवले. पेयोटेचे विधी हुइचोल लोकांचे, याकींचे नव्हेत. मेक्सिकोतल्या भूछत्रांचे जाणकार गॉर्डन वॅसन यांना खटकले ते निराळेच. भूछत्रे खातात, पुस्तकातल्याप्रमाणे त्यांची भुकटी चिलमीत भरून कोणी ओढत नाही. त्यांनी कास्टानेडाला पत्र लिहून तपशील मागितले. उत्तर आले, टिपणांच्या काही पानांच्या प्रतीही आल्या. मूळ वह्या मात्र कधीच प्रसिद्ध झाल्या नाहीत.

सर्वांत चिवट काम रिचर्ड द मिल यांचे. ‘कास्टानेडाज जर्नी’ (१९७६) या ग्रंथात त्यांनी कास्टानेडाच्या पुस्तकांतल्या तारखा एका कॅलेंडरवर मांडल्या. ‘जर्नी टू इक्स्टलान’ (१९७२) पहिल्या पुस्तकाच्याच काळाकडे परत जाते, पण तिथला डॉन हुआन वनस्पतींना मुळीच अपरिहार्य मानत नाही, आणि घटनांचा क्रम जुळत नाही. आधी घडलेले नंतर प्रथमच कळल्यासारखे येते. डॉन हुआनच्या शिकवणुकीतल्या कल्पनांशी मिळताजुळता मजकूर द मिल यांना आधीच छापलेल्या पुस्तकांत सापडला. माझ्या मते हा पुरावा जन्मतारखेच्या तफावतीपेक्षा कितीतरी जड आहे. जन्मतारीख लपवणारा माणूस खरे क्षेत्रकार्य करू शकतो. स्वतःच्याच नोंदींशी विसंगत नोंदी ठेवणाऱ्यावर विश्वास ठेवणे अवघड.

कॅलिफोर्निया विद्यापीठाने मात्र १९७३ साली कास्टानेडाला डॉक्टरेट दिली. ‘जर्नी टू इक्स्टलान’चा मजकूरच बहुतांशी वेगळ्या शीर्षकाखाली प्रबंध म्हणून स्वीकारला गेला. त्याच विद्यापीठाच्या दोन विभागांनी, प्रकाशनाने आणि परीक्षकांनी, एकमेकांच्या भरवशावर शिक्का मारला असावा, असा तर्क मला करावासा वाटतो.

या साऱ्या प्रकरणात खरे याकी कुठेच नाहीत. मेक्सिकोचा हुकूमशहा पोर्फिरिओ दियासच्या राजवटीत सोनोरातून युकातानच्या शेतमळ्यांवर हद्दपार झालेले, सीमा ओलांडून अ‍ॅरिझोनात आलेले, आपले ईस्टरचे विधी आणि हरिणनृत्य जपणारे हे लोक स्पायसर यांच्या ग्रंथांत तपशिलाने सापडतात. त्यांच्यापैकी अ‍ॅरिझोनातल्या पास्क्वा याकींना अमेरिकी सरकारने १९७८ साली मान्यता दिली. तोवर डॉन हुआनच्या नावावर चौथे आणि पाचवे पुस्तकही आले होते.