सहकारी निवडणूक : मतदार यादीला आव्हान कधी, कोठे?

सहकारी संस्थांच्या निवडणुकीतील खरी लढत अनेकदा मतदानाआधीच, मतदार यादीवरून जुंपते. थकबाकीदाराचे नाव कायम ठेवणे, मयत सभासद न वगळणे किंवा सोसायटीने पाठविलेल्या प्रतिनिधीचा ठराव नाकारणे, एवढ्यावरही पॅनेलचे पारडे फिरते.

महाराष्ट्रात २०१३ च्या कायदा दुरुस्तीनंतर हे काम राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाच्या देखरेखीखाली आले. प्रारूप यादी प्रसिद्ध झाल्यावर ठरलेल्या मुदतीत लेखी हरकत घेता येते. त्यावर निर्णय होऊन अंतिम यादी जाहीर होते. ही मुदत दवडणाऱ्यास पुढे दाद मिळणे अवघड जाते.

कारण उच्च न्यायालयात रिट याचिका करून निवडणूक थोपविण्याचा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्येच अरुंद केला आहे. संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दूध उत्पादक संस्थेच्या त्या प्रकरणात, यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा असल्याने प्रक्रिया सुरू झाल्यावर ती रोखू नये, तक्रारदाराने निकालानंतर निवडणूक याचिका करावी, असा निवाडा झाला. मात्र २००३ मध्ये तत्कालीन अहमदनगर जिल्ह्यातील एका संघाच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने अपवाद मान्य केला. अस्तित्वातच नसलेल्या नियमांच्या आधारे यादी झाली असेल, तर उच्च न्यायालय ती रद्द करू शकते.

निकालानंतरचा वाद १९६० च्या अधिनियमातील कलम ९१ अन्वये सहकार न्यायालयात जातो. तो निकाली निघेपर्यंत संचालक मंडळाची पाच वर्षे बरीचशी सरलेली असतात, ही व्यथा वेगळीच. तेथे हरकतीच्या अर्जाची पोच आणि प्रारूप यादीची प्रत हाताशी असलेली बरी.