कोलोनोस्कोपीतील गुंगी : श्वासावर नजर ठेवण्याचा इतिहास

मोठ्या आतड्याची दुर्बीण, म्हणजे कोलोनोस्कोपी, करायला सांगितली की पेशंट दोन प्रश्न हमखास विचारतात. दुखेल का? आणि गुंगी दिली तर नीट जाग येईल ना? दुसऱ्या प्रश्नाला मोठा इतिहास आहे आणि त्यातला एक भाग आपल्या शेजारीच घडला.

क्लोरोफॉर्मची भूल 1847 मध्ये सुरू झाली. पुढच्याच जानेवारीत इंग्लंडमध्ये पायाचे नख काढताना हॅना ग्रीनर ही 15 वर्षांची मुलगी दगावली. आधी हृदय थांबते की श्वास, यावर अनेक वर्षे वाद चालला. तेव्हा खानदेशात इंग्रजांचा अंमल होता आणि अजिंठ्याच्या डोंगरापलीकडे निजामाचे राज्य. निजामाच्या हैदराबादेत सर्जन एडवर्ड लॉरी यांनी या वादावर 1888 आणि 1889 मध्ये दोन आयोग नेमवले. दुसऱ्या आयोगाला निजामाने पैसा दिला आणि 'लॅन्सेट' या नियतकालिकातर्फे लंडनहून लॉडर ब्रन्टन आले. प्राण्यांवर शेकडो प्रयोग झाले. निष्कर्ष निघाला : आधी श्वास थांबतो, म्हणून नाडीपेक्षा श्वास पाहा.

हे अर्धेच खरे होते. क्लोरोफॉर्ममुळे हृदयही अचानक बंद पडू शकते, हे लेव्ही यांनी 1911 मध्ये दाखवले. त्यामुळे आज दोन्हींवर नजर ठेवतात. पण गुंगीच्या औषधांबाबत 'श्वास पाहा' हा धडा पुन्हा कामी आला.

लवचीक दुर्बीण काचतंतूंमुळे शक्य झाली. त्या संशोधनात हॉपकिन्स यांच्याबरोबर आपले नरिंदर सिंग कपानी होते (1954). 1969 मध्ये न्यूयॉर्कमध्ये वुल्फ आणि शिन्या यांनी या दुर्बिणीतूनच तारेच्या फासाने आतड्यातील कोंब काढले. पोट न उघडता पुढे कॅन्सर होऊ शकणारी गाठ निघू लागली. मात्र नळी वळणावर आतडे ताणते आणि आतडे फुगवण्यासाठी हवा सोडावी लागते, म्हणून कळ येते. त्यासाठी गुंगी आली.

आधी डायझेपाम होते. 1986 च्या सुमारास अमेरिकेत मिडाझोलाम बाजारात आले. ते जास्त तीव्र असूनही सुरुवातीला मात्रा जास्त दिली गेली, कधी अफूवर्गीय वेदनाशामकाबरोबर. श्वास मंदावून अनेक रुग्ण दगावले. त्यानंतर मात्रा कमी केली गेली, थोडे थोडे औषध देण्याची पद्धत आली आणि इशारे छापले गेले. मिडाझोलामला फ्लुमाझेनिल हा उतारा आहे. आज बऱ्याच ठिकाणी दिले जाणारे प्रोपोफॉल लवकर उतरते, पण त्याला उतारा नाही. म्हणून ते देणारी व्यक्ती श्वास सांभाळण्यात तरबेज हवी.

बोटाला लावायच्या पल्स ऑक्सिमीटरचे तत्त्व जपानच्या ताकुओ आओयागी यांनी 1974 मध्ये मांडले. हे यंत्र फार उपयोगी आहे. पण नाकाला ऑक्सिजन लावलेला असेल तर श्वास थांबल्यावरही आकडा काही वेळ चांगला दिसतो. म्हणून पेशंटची छाती हलते का, हे पाहणारा माणूस लागतोच.

आपण काय करावे?

• गुंगी कोण देणार, आणि तपासणी चालू असताना केवळ माझ्याकडे कोण लक्ष देणार, हे विचारा.
• घोरणे, झोपेत श्वास अडकणे, दमा, हृदयविकार, दारू, झोपेच्या गोळ्या हे सारे आधी सांगा.
• रक्त पातळ करणाऱ्या आणि मधुमेहाच्या गोळ्यांबद्दल आधी विचारा. मनाने बंद करू नका.
• पोट साफ करणारे औषध सांगितल्याप्रमाणे पूर्ण घ्या. उपाशी राहण्याची वेळ पाळा; गुंगीत उलटी झाली तर ती फुफ्फुसात जाऊ शकते.
• सोबत नातेवाईक आणा. धुळ्याला तपासणी करून महामार्गाने स्वतः मोटारसायकल चालवत नरडाण्याला परतू नका. 24 तास वाहन चालवू नका, महत्त्वाच्या कागदांवर सह्या करू नका.
• घरी आल्यावर पोटात वाढती कळ, ताप किंवा जास्त रक्त गेल्यास लगेच दवाखाना गाठा. आतड्याला छिद्र पडणे विरळ, साधारण हजारात एक किंवा त्याहून कमी, पण वेळ घालवू नये.

गुंगी न घेताही ही तपासणी करता येते. सुरक्षितता एकट्या औषधावर ठरत नाही. शेजारी लक्ष देणारे कुणी आहे का, यावर ती जास्त ठरते.