कंपनी ‘कूळ’ झाली, मग कसणारा कोण?

महाराष्ट्रातल्या कुळकायद्याचा इतिहास आपल्याला साधारण असा सांगितला जातो : 1948 चा कायदा आला, 1 एप्रिल 1957 हा ‘कृषक दिन’ ठरला, कुळे मालक झाली आणि ‘कसेल त्याची जमीन’ ही घोषणा खरी झाली. या गोष्टीत जमीनदार आहे, कूळ आहे. पण जिथे कूळ म्हणून एखादी साखर कंपनीच उभी होती, तिथे काय झाले? आणि त्या कंपनीच्या उसात कोयता चालवणाऱ्याचे काय झाले?

गोदावरी आणि प्रवरेचे कालवे आले तसे खासगी साखर कंपन्यांना सलग बागायती जमीन हवी झाली. बेलापूर-हरेगाव, टिळकनगर, साकरवाडी, तिकडे माळीनगर, वालचंदनगर, रावळगाव अशा ठिकाणी कंपन्यांचे मळे उभे राहिले. त्यासाठी अनेक शेतकऱ्यांच्या जमिनी खंडाने घेतल्या गेल्या. नगर भागात ‘खंडकरी शेतकरी’ म्हणतात ते हेच. म्हणजे इथे नेहमीचे चित्र उलटे होते. मालक लहान, कूळ बलाढ्य.

1956 च्या दुरुस्तीने कुळकायद्यात कलम 43-अ आले. औद्योगिक व व्यापारी संस्थांनी खंडाने घेतलेली जमीन, उसासाठी वा फळबागांसाठी दिलेले पट्टे आणि शासनमान्य सहकारी संस्थांकडील जमीन यांना कायद्याची अनेक महत्त्वाची कलमे लागू होणार नाहीत, असे ठरले. यामुळे कंपनी कृषक दिनी मालक बनली नाही, हे चांगलेच झाले. पण लहान मालकालाही जमीन परत मागण्याचा नेहमीचा मार्ग मिळाला नाही. आणि मळ्यावरचा मजूर? तो कूळच नव्हता. तो रोजंदारीवरचा माणूस. कुळकायद्याला तो दिसलाच नाही.

एका कायद्याला मात्र तो दिसला होता. 1961 च्या कमाल जमीन धारणा कायद्याने कंपन्यांकडची जादा जमीन सरकारकडे आली. ही जमीन तुकडे न पाडता संयुक्त शेती संस्थांना द्यावी आणि त्या संस्थांत कोण असावे, हे कलम 28 मध्ये लिहिले होते : आधी जमीन खंडाने देणारे, मग त्या जमिनीवर राबणारे शेतमजूर, मग तांत्रिक व इतर कर्मचारी, शेजारचे लहान शेतकरी आणि भूमिहीन. मजुराचे नाव दुसऱ्या क्रमांकावर होते! गोदावरी शुगर मिल्सने कायद्याला आव्हान दिले. 1975 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कायदा ग्राह्य धरला. कंपनी हरली, पण मजूर जिंकला का?

नाही. 1963 मध्ये महाराष्ट्र राज्य शेती महामंडळ स्थापन झाले आणि मळे त्याच्याकडे गेले. मालकाची पाटी बदलली, मजूर मजूरच राहिला. खंडकऱ्यांनी दीर्घ लढा दिला आणि 2012 च्या सुमारास जमीन परत मिळण्याचे काम प्रत्यक्ष सुरू झाले. त्यांचा हक्क न्याय्यच होता, त्याला आमचा विरोध नाही. पण कलम 28 च्या यादीतला पहिला मोजला गेला आणि दुसरा गळाला. मळ्यावरच्या खोलीत पिढ्या गेल्या, तरी ती खोली कामाशी बांधलेली. काम गेले की छप्परही गेले. म्हणून तर कामगार घरापुरते दोन गुंठे मागत आले आहेत. ज्यांनी हजारो एकर कसले, त्यांना दोन गुंठ्यांसाठी अर्ज करावा लागावा?

याचे उत्तर जातीत आहे. खंडकऱ्याकडे सातबारा होता, जुना करार होता. भूमिहीनाकडे पुरावा म्हणून दाखवायला फक्त हाताचे घट्टे. आणि तो भूमिहीन का होता? गावगाड्याने त्याला जमिनीपासून दूर ठेवले म्हणून. जातीने हिरावलेल्या जमिनीची नोंद कुठल्याच तलाठ्याकडे नसते. म्हणून ‘मूळ मालकाला परत’ हे तत्त्व वरवर निःपक्षपाती वाटले, तरी ते जुनी विषमता जशीच्या तशी पुढे नेते.

बाबासाहेबांनी हे फार आधी ओळखले होते. 17 सप्टेंबर 1937 रोजी त्यांनी खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले आणि 10 जानेवारी 1938 ला शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत विधिमंडळावर नेला. पण ते कुळापाशी थांबले नाहीत. 1947 च्या ‘स्टेट्स अँड मायनॉरिटीज’मध्ये त्यांनी जमीन राज्याच्या मालकीची करून जातिभेद न करता गावकऱ्यांना सामूहिक शेतीसाठी द्यावी, अशी योजना मांडली. जमीनदार, कूळ आणि भूमिहीन मजूर ही तिन्ही पदेच संपवायची होती. शेती महामंडळात राज्याची मालकी आली, सलग शेती आली. आला नाही तो राबणाऱ्याचा वाटा. 1959 आणि 1964 मध्ये कर्मवीर दादासाहेब गायकवाडांनी भूमिहीनांचे सत्याग्रह केले, ते याच वाट्यासाठी.

आज महामंडळाच्या उरलेल्या जमिनीचा विषय निघाला की उद्योग, वसाहती, प्रकल्प यांची नावे पुढे येतात. तेव्हा आपण 1961 चे कलम 28 पुढे ठेवले पाहिजे. मजुराचा हक्क ही आजची नवी मागणी नाही. विधिमंडळाने एकदा ती कायद्यात लिहिली होती. ती कुणी आणि कशी पुसली, याचा जाब विचारणे हे आपले काम आहे.

जय भीम!