मोबाइलवरून होणारा छळ: मूल गप्प का बसतं, घरानं काय करावं?

मोबाइल किंवा इंटरनेटवरून एखाद्याला मुद्दाम, वारंवार चिडवणं, धमकावणं, बदनाम करणं म्हणजे सायबर बुलिंग. शाळेतली चिडवाचिडवी शाळा सुटली की थांबते. ही मात्र रात्री उशाजवळच्या फोनमध्येही चालूच राहते, आणि बघणारे शेकडो असतात.

प्रकार कोणते?

वर्गाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एकाचीच टर उडवणं, दुसऱ्याच्या नावानं इन्स्टाग्रामवर खोटं खातं काढणं, मुलीचा डीपी उचलून त्यात फेरफार करणं, जुन्या चॅटचे स्क्रीनशॉट दाखवून धमकावणं, नाव, धर्म किंवा हिजाबवरून घाणेरडे शेरे मारणं.

हे 'पोरांचे खेळ' कुठवर जातात, ते 1 जानेवारी 2022 रोजी देशानं पाहिलं. 'बुल्ली बाई' नावाच्या अ‍ॅपवर मुस्लिम महिलांचे फोटो 'लिलावा'साठी टाकले गेले. मुंबई आणि दिल्ली पोलिसांनी सुरुवातीला पकडलेले चौघेही साधारण 18 ते 21 वयाचे होते.

बीडमध्ये मूल का सांगत नाही?

दिवाळीच्या सुमारास जिल्ह्यातले लाखो मजूर ऊसतोडीला जातात आणि मार्च-एप्रिलला परततात. अनेक मुलं मागे आजी-आजोबांकडे राहतात. अम्मी-अब्बांशी बोलायला फोन हाच एक धागा. 'सांगितलं तर फोन काढून घेतील' ही भीती त्यांना गप्प बसवते.

मुलींची भीती याहून मोठी. बालविवाहांचं प्रमाण जास्त असलेल्या राज्यातल्या जिल्ह्यांत बीड आहे. फोटो कुणीतरी बिघडवतो, आणि शाळा बंद होते मुलीची. गुन्हा एकाचा, शिक्षा दुसऱ्याला! हे ठाऊक असल्यानं मुलगी बोलत नाही, आणि तिच्या गप्प बसण्यावरच त्रास देणाऱ्याचं फावतं.

परिणाम कसे ओळखाल?

झोप उडते, जेवण कमी होतं, शाळेला जायला टाळाटाळ होते, फोन वाजला की मूल दचकतं, एकटं बसतं. 'जगून काय उपयोग' असं बोललं, तर थट्टेवारी नेऊ नका, त्याला एकटं सोडू नका. टेली-मानस 14416 वर मोफत बोलता येतं. अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात मानसोपचार विभाग आहे.

कायदा काय म्हणतो?

माहिती तंत्रज्ञान कायदा 2000 मधील कलम 66ई (खासगी चित्र), 67 (अश्लील मजकूर) आणि 67बी (मुलांचं अश्लील चित्रण) इथं लागू होऊ शकतात. भारतीय न्याय संहितेत पाठलागासाठी कलम 78, धमकीसाठी 351 आहे. पीडित 18 वर्षांखालील असेल आणि त्रास लैंगिक असेल तर पॉक्सो लागतो, मुलगा असो वा मुलगी. त्रास देणारा अल्पवयीन असेल तर प्रकरण बाल न्याय मंडळाकडे जातं.

काय करावं?

1. आधी म्हणा, 'बरं झालं सांगितलंस.' रागावू नका, फोन हिसकावू नका.
2. मेसेज डिलीट करू नका. स्क्रीनशॉट, लिंक, तारीख, नंबर जपून ठेवा. खासगी फोटो असेल तर तो पुरावा म्हणूनही नातेवाइकांना पाठवू नका.
3. मग खातं रिपोर्ट आणि ब्लॉक करा.
4. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार करा. महिला व मुलांविषयीची तक्रार नाव न देताही करता येते. मुलांसाठी 1098 आहे.
5. कारखान्यावर असाल तरी कुठल्याही पोलीस ठाण्यात झिरो एफआयआर नोंदवता येतो.
6. पैसे मागितले तर देऊ नका. एकदा दिले की मागणी वाढते.

आपलंच मूल त्रास देत असेल तर?

हा प्रश्नही प्रत्येक घरानं विचारायला हवा. सूरह हुजुरातच्या आयत 11 आणि 12 मध्ये खिल्ली उडवणं, वाईट नावं ठेवणं, दुसऱ्याच्या खासगी गोष्टी हुडकणं आणि पाठीमागे निंदा करणं, या सगळ्याला मनाई आहे. फॉरवर्ड करणारा बोट आपल्या घरातला असला, तरी गुनाह तोच. मुलाकडून पोस्ट काढून घ्या, ज्याला त्रास झाला त्याची माफी मागायला लावा.

इज्जत फोटोनं जात नाही. घरच्यांनी पाठ फिरवली, की मूल मात्र हातचं जातं.